अल्बर्ट पार्कचा गेझ

नोव्हेंबर 1947 च्या अखेरीस पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या फ्रीमँटल बंदराला एक जहाज लागलं. त्यातून आठशेच्या वर निर्वासित उतरले. सगळे लिथुआनिया, लाटव्हिया आणि एस्टोनियाचे, बहुतेक तरुण आणि धडधाकट. सोव्हिएत युनियनने गिळलेल्या मायदेशात परत जायची त्यांची तयारी नव्हती आणि ऑस्ट्रेलियाला कामाला माणसं हवी होती. सरकार सांगेल तिथे दोन वर्षं काम करायचं, या करारावर त्यांना आत घेण्यात आलं. पुढच्या पाच-सहा वर्षांत युरोपातून असे सुमारे 1 लाख 70 हजार लोक आले. त्यांच्या बोचक्यांत काय काय होतं हे इतिहासकारांनी पुष्कळ लिहून ठेवलंय. एक गोष्ट मात्र बोचक्यात मावणारी नव्हती, ती म्हणजे बास्केटबॉल. युरोपची पहिली अजिंक्यपद स्पर्धा 1935 मध्ये लाटव्हियाने जिंकली होती, पुढच्या दोन, 1937 आणि 1939 च्या, लिथुआनियाने. क्रिकेट आणि फुटी (ऑस्ट्रेलियन फुटबॉल) यांच्यापलीकडे फारसं न पाहणाऱ्या देशात ही मंडळी संध्याकाळी एखादा हॉल शोधून बास्केट टांगू लागली. 1956 मध्ये मेलबर्नला ऑलिंपिक भरलं आणि यजमान म्हणून ऑस्ट्रेलियाने पहिल्यांदाच बास्केटबॉलचा संघ उतरवला, तेव्हा त्यातली कितीतरी आडनावं बाल्टिक होती. संघ बारावा आला. त्याचं कुणाला फार वाईट वाटल्याची नोंद नाही.

या खेळाला ऑस्ट्रेलियन आडनाव मिळालं ते त्यानंतर, आणि ते आडनाव गेझ.

लिंडसे गेझ यांचा जन्म 1936 चा, अॅडलेडचा. 1964 चं ऑलिंपिक ते खेळाडू म्हणून खेळले आणि 1972 ते 1984 या चार ऑलिंपिकमध्ये ते प्रशिक्षक होते. 1980 मध्ये मॉस्कोत त्यांच्या संघाने इटलीला हरवलं. तोच इटली पुढे रौप्यपदक घेऊन घरी गेला आणि ऑस्ट्रेलियाला उपांत्य गटाचं दारही उघडलं नाही. पण लिंडसेंचं खरं काम चालायचं ते मेलबर्नच्या अल्बर्ट पार्कमध्ये. तिथल्या स्टेडियमची, म्हणजे एका ओळीत उभ्या असलेल्या जुन्या शेडवजा हॉलची, व्यवस्था ते पाहत. वेळापत्रक लावायचं, रेफ्री नेमायचे, पोरांना शिकवायचं. कुटुंबाचं घरही त्याच आवारात होतं. 24 जुलै 1965 ला जन्मलेला त्यांचा मुलगा अँड्र्यू त्या घरात वाढला. इतर मुलांना सरावासाठी कोर्ट मोकळं मिळायची वाट पाहावी लागे, याला फक्त दार उघडावं लागे. शेवटचा सामना संपून दिवे मालवेपर्यंत आणि कधी कधी त्यानंतरही तो बास्केटवर बॉल टाकत राही. त्याच्या खेळात पुढे जे जे दिसलं, त्याचा बराचसा उलगडा या पत्त्यात होतो.

ऑस्ट्रेलियात राष्ट्रीय पातळीवरची व्यावसायिक लीग, एनबीएल, 1979 मध्ये सुरू झाली. लिंडसेंचा क्लब मेलबर्न टायगर्स तीत आला 1984 मध्ये आणि त्याच वर्षी एकोणीस वर्षांचा अँड्र्यू त्या संघातून खेळला. वर्षातला सर्वोत्तम नवा खेळाडू तो ठरला आणि त्याच वर्षी लॉस एंजेलिसला त्याचं पहिलं ऑलिंपिकही झालं. दोन्हीकडे प्रशिक्षक वडीलच. बापाने पोराला घेतलं, ही कुजबुज अशा वेळी कुठल्याही देशात होतेच. ती थांबवण्याचा एकच मार्ग असतो आणि गेझने तो फार लवकर धरला. 1987 च्या मोसमात त्याने सामन्यामागे सरासरी 44.1 गुण केले. एखाद्या रात्री नव्हे, अख्ख्या मोसमात. ज्यांना हा खेळ परका आहे त्यांच्यासाठी सांगायचं तर, सामन्यात तीस गुण करणाऱ्याचं नाव दुसऱ्या दिवशीच्या पेपरात मोठ्या टाइपात येतं.

हे त्याने कसं केलं, हे समजून घेण्यात खरी मजा आहे. कारण त्याला पाहून असं वाटायचं नाही. उंची 6 फूट 7 इंच, म्हणजे या खेळात मध्यमच. वेग बेताचा, उडी त्याहून बेताची. पाच मिनिटांत जर्सी घामाने चिंब, केस लवकरच विरळ झालेले. मैदानावरून घाईने बस पकडायला निघालेला मास्तर वाटावा, असं एकूण रूप. समोरचा बचावपटू त्याच्याहून चपळ असायचाच. पण लिंडसेंच्या टायगर्सची आक्रमणाची एक ठरलेली रीत होती, तिला 'शफल' म्हणत. अमेरिकेतल्या ऑबर्न विद्यापीठात नावारूपाला आलेली ही जुनी पद्धत. तीत कुणाची जागा पक्की नसते. पाचही जण सतत फिरत राहतात. एक जण भिंतीसारखा उभा राहून सोबत्याच्या बचावपटूची वाट अडवतो, तो सोबती त्या आडोशातून निसटतो, बॉल एका बाजूकडून दुसऱ्या बाजूला जातो आणि तीच चाल आरशातल्यासारखी पुन्हा सुरू होते. एकदा, दोनदा, पाचदा. बचाव करणारा कुठेतरी अर्धा क्षण चुकतो आणि तेवढा अर्धा क्षण गेझला पुरायचा. बॉल हातात यायच्या आधीच त्याचे पाय बास्केटकडे वळलेले असत. समोरचा अंगावर धावून आला, तर तो त्याच्या पाठीमागून बास्केटखाली पळे आणि तिथे त्याला पास मिळे. दोघांमध्ये अडकला, तर मोकळा सोबती त्याला आधीच ठाऊक असे. या पद्धतीत ताकदीला फारसा भाव नाही, वेळेला आहे. आणि वेळ तो अल्बर्ट पार्कमध्ये लहानपणापासून शिकत आला होता.

टायगर्स मात्र सुरुवातीची काही वर्षं तळालाच घोटाळत होते. एकटा माणूस चव्वेचाळीस गुण करतो तेव्हा बाकीचे काय करत असतील, हा प्रश्न रास्तच होता.

1988 ला सोलच्या ऑलिंपिकमध्ये ऑस्ट्रेलियाने उपांत्यपूर्व फेरीत स्पेनला 77–74 असं हरवलं. आता प्रशिक्षक एड्रियन हर्ली होते. एवढ्या वर जायची सवय त्या संघाला नव्हती. उपांत्य सामन्यात युगोस्लाव्हियाने 91–70 ने धुतलं. कांस्यपदकाच्या सामन्यात समोर अमेरिका आली, सोव्हिएत युनियनकडून हरल्यामुळे चिडलेली, आणि 78–49 असा निकाल लागला. चौथा क्रमांक. त्या दिवशी तो अभिमानाचा होता.

सोलहून गेझ सरळ न्यू जर्सीला गेला. सीटन हॉल या कॅथलिक विद्यापीठात त्याने एका वर्षासाठी नाव घातलं. प्रशिक्षक पी. जे. कार्लेसिमो यांच्या संघाला बाहेरून अचूक टाकणारा हात हवा होता आणि वय तेवीस असलं तरी नियमात तो बसत होता. तो मोसम सीटन हॉलच्या इतिहासात आजही सर्वांत वरचा आहे. एनसीएए या अमेरिकी विद्यापीठांच्या स्पर्धेत उपांत्य सामन्यात ड्यूक विद्यापीठाविरुद्ध हा संघ सुरुवातीलाच 18 गुणांनी मागे पडला आणि तरीही 95–78 असा जिंकला. 3 एप्रिल 1989 च्या रात्री सिअॅटलच्या किंगडोममध्ये अंतिम सामना झाला, समोर मिशिगन. सामना जादा वेळेत गेला. सीटन हॉल एका गुणाने पुढे आणि घड्याळात तीन सेकंद उरलेले असताना रेफ्रींनी सीटन हॉलच्या जेराल्ड ग्रीनवर फाउल दिला. फार किरकोळ स्पर्श होता. त्या फाउलबद्दल न्यू जर्सीत अजून वाद होतो आणि माझ्या मते तो व्हायलाच हवा. मिशिगनच्या रुमील रॉबिन्सनने दोन्ही फ्री थ्रो शांतपणे आत टाकले. 80–79.

स्पर्धा संपली आणि थोड्याच दिवसांत गेझ मेलबर्नला परतला. त्यावरून अमेरिकेत बरीच टीका झाली: हा शिकायला आलाच नव्हता, भाड्याने आणलेला नेमबाज होता. टीकेत तथ्य नव्हतं असं नाही. पण तिकडच्या विद्यापीठांचे संघ कसे उभे राहतात आणि त्यांतून कुणाच्या तिजोरीत काय पडतं, हे पाहिलं, तर एका ऑस्ट्रेलियन पोराच्या गळ्यात सगळा दोष घालणं थोडं सोयीचंच होतं.

त्याच वर्षी एनबीए या अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगमधल्या सिअॅटल सुपरसॉनिक्सने त्याला चाचणी शिबिराला बोलावलं आणि मोसम सुरू व्हायच्या आत नारळ दिला. एनबीएशी त्याचं नातं पुढेही असंच राहिलं. मार्च 1994 मध्ये वॉशिंग्टन बुलेट्सने त्याला दहा-दहा दिवसांच्या करारावर घेतलं. सात सामने झाले आणि तो परतला. त्या काळी एनबीएच्या दृष्टीने परदेशी खेळाडू म्हणजे उंच माणूस. पर्थचा ल्यूक लाँगली 7 फूट 2 इंच होता, त्याला 1991 मध्ये सातव्या क्रमांकावर उचललं गेलं आणि पुढे मायकेल जॉर्डनच्या शिकागो बुल्सबरोबर त्याने तीन अजिंक्यपदं मिळवली. बाहेरून टाकणारा, पाय जड असलेला मध्यम उंचीचा परदेशी त्यांना नको होता. आज त्या लीगमधला बराचसा खेळ तीन गुणांच्या रेषेबाहेरून चालतो, म्हणून गेझ तीस वर्षं आधी जन्मला असं म्हणायचा मोह होतो. मला ते पटत नाही. बचावात तो आजही उघडा पडला असता. पण दहा दिवसांत माणूस जोखता येतो, हेही मला पटत नाही.

घरी मात्र काही वेगळंच चाललं होतं. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला ऑस्ट्रेलियात बास्केटबॉलचं पेव फुटलं. जॉर्डनची जाहिरात टीव्हीवर, खेळाडूंची कार्डं शाळेच्या दप्तरात. मेलबर्नमध्ये टेनिसची ऑस्ट्रेलियन ओपन जिथे होते, त्या सेंटर कोर्टवर लाकडी फ्लोअर अंथरून एनबीएलचे सामने होऊ लागले आणि पंधरा हजारांच्या घरात लोक जमू लागले. 1992 मध्ये टायगर्सने अमेरिकेहून लनार्ड कोपलँडला आणलं. गेझमध्ये जे नव्हतं ते सगळं याच्याकडे होतं: उडी, वेग, दिमाख. भरवशाचा नेम आणि बेभरवशाचा चमत्कार, अशी ती जोडी जमली. त्या वर्षी अंतिम फेरीत ते शहरातल्याच साउथ ईस्ट मेलबर्न मॅजिककडून हरले. मॅजिकचे प्रशिक्षक होते ब्रायन गूरजियन, कॅलिफोर्नियाहून आलेले, बचावावर जीव टाकणारे. लिंडसेंच्या फिरत्या शफलला तोडायचं कसं, याचा त्यांनी ध्यास घेतला होता.

पुढच्या वर्षी मार्क ब्रॅडकी हा तगडा सेंटर आला. 1993 ची अंतिम मालिका पर्थ वाइल्डकॅट्सशी, तीनपैकी दोन सामने जिंकायचे. एक-एक बरोबरी झाली आणि तिसरा सामना पर्थमध्ये, त्यांच्या घरात. टायगर्सने तो 104–102 असा जिंकला. नऊ मोसम रखडल्यावर दहाव्यात गेझच्या हाती करंडक आला. त्या संघात अमेरिकेहून आलेला डेव्ह सिमन्स होता आणि अंगाने झुंजणारा वॉरिक गिडी होता. सिमन्सचा मुलगा बेन 1996 मध्ये मेलबर्नलाच जन्मला आणि वीस वर्षांनी एनबीएने त्याला सर्वांत पहिल्या क्रमांकावर निवडलं. गिडीचा मुलगा जॉश 2021 मध्ये सहाव्या क्रमांकावर गेला. एका क्लबच्या ड्रेसिंग रूममधून एवढं पीक निघेल, असं तेव्हा कुणी म्हणालं असतं तर लोक हसले असते.

1997 मध्ये टायगर्सने मॅजिकला हरवून दुसरं अजिंक्यपद घेतलं. 1991 ते 1998 या आठ वर्षांत लीगचा सर्वोत्तम खेळाडू म्हणून सात वेळा गेझ निवडला गेला. मधलं फक्त 1993 सुटलं, आणि नेमकं तेच त्याचं पहिलं अजिंक्यपदाचं वर्ष. कारकिर्दीत चौदा वेळा तो लीगमध्ये सर्वाधिक गुण करणारा ठरला.

1996 चं अटलांटा ऑलिंपिक सुरू होण्याआधी सॉल्ट लेक सिटीत अमेरिकेशी एक सराव सामना झाला. शेन हील नावाच्या ऑस्ट्रेलियन गार्डने लांबून आठ थ्री-पॉइंटर घातले आणि चार्ल्स बार्कलीसारख्या पहाडाशी छातीला छाती भिडवून उभा राहिला. तो प्रसंग ऑस्ट्रेलियात अजून चवीने सांगितला जातो. सामना अमेरिकेनेच जिंकला, पण या संघाला आता कुणाची भीती उरलेली नव्हती. अटलांटात उपांत्यपूर्व सामन्यात त्यांनी क्रोएशियाला 73–71 ने बाहेर काढलं. त्याआधीच्या ऑलिंपिकमध्ये हाच क्रोएशिया रौप्यविजेता होता. उपांत्य सामन्यात अमेरिकेकडून हार झाली, ती अपेक्षितच होती. मग कांस्यासाठी समोर आला लिथुआनिया. सोव्हिएत जोखडातून सुटून सहाच वर्षं झालेला हा देश आपल्या झेंड्याखाली खेळत होता आणि बास्केटखाली उभा होता आर्विडास साबोनिस, 7 फूट 3 इंचांचा, पायांनी थकलेला पण डोक्याने सगळ्यांच्या पुढे. 80–74. ज्यांच्या काका-मामांनी निर्वासित होऊन मेलबर्नच्या हॉलमध्ये हा खेळ रुजवला, त्यांनीच मेलबर्नच्या पोराच्या तोंडचा घास काढला.

त्याच अटलांटात ऑस्ट्रेलियाच्या महिला संघाने, ओपल्सने, युक्रेनला हरवून कांस्य मिळवलं. देशाचं बास्केटबॉलमधलं ते पहिलं ऑलिंपिक पदक. पुरुषांच्या 'कधी मिळणार' या रडगाण्यात ही गोष्ट अनेकदा हरवते, म्हणून इथे नोंदवतो.

1998 मध्ये एनबीएलने हिवाळा सोडून उन्हाळ्यात मोसम हलवला. फुटीशी टक्कर टाळायची, हा हिशेब. प्रत्यक्षात क्रिकेट आणि टेनिस वाट पाहतच होते. गर्दी ओसरू लागली, टीव्हीचा पैसा आटला, मॅजिक आणि नॉर्थ मेलबर्न जायंट्स हे दोन क्लब एकत्र करून एक करावा लागला. गेझ याच सुमारास सॅन अँटोनियोला होता. मालक-खेळाडू भांडणामुळे 1999 चा एनबीए मोसम पन्नास सामन्यांवर आला होता आणि प्रशिक्षक ग्रेग पॉपोविच यांनी त्याला तिथल्या स्पर्सच्या संघात घेतलं. तेहतिसाव्या वर्षी तो 19 सामन्यांत खेळला, बहुतेक वेळा शेवटची काही मिनिटं. जूनमध्ये डेव्हिड रॉबिन्सन आणि टिम डंकन यांच्या स्पर्सने न्यूयॉर्क निक्सला हरवून करंडक जिंकला. बाद फेरीत गेझ साध्या कपड्यांत बाकावर होता, तरी अजिंक्यपदाची अंगठी त्यालाही मिळाली. लाँगलीनंतर अशी अंगठी घेणारा तो दुसरा ऑस्ट्रेलियन. ऑस्ट्रेलियातल्या आपल्या हजारो गुणांचं त्या लीगला काही नव्हतं आणि त्या लीगच्या अंगठीत आपला हात किती, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. त्याबद्दल तो नेहमी स्वतःचीच थट्टा करत आला.

15 सप्टेंबर 2000. सिडनीच्या ऑलिंपिक उद्घाटनाला यजमान देशाचा झेंडा गेझच्या हातात होता. पाचवं ऑलिंपिक, वय पस्तीस. बास्केटबॉलपटूला हा मान ऑस्ट्रेलियाने याआधी कधी दिला नव्हता. पुढे लॉरेन जॅक्सनला लंडनमध्ये आणि पॅटी मिल्सला टोकियोत मिळाला. पहिल्या दोन सामन्यांत कॅनडा आणि युगोस्लाव्हियाकडून संघ हरला, मग सावरला, उपांत्यपूर्व फेरीत इटलीला 65–62 असं नमवलं. घरच्या प्रेक्षकांसमोर उपांत्य सामना, समोर फ्रान्स, अमेरिका नव्हे. यापेक्षा चांगली संधी कधी मिळणार होती? आणि त्याच दिवशी बॉल आत जाईना. 76–52. मग पुन्हा कांस्याचा सामना, पुन्हा लिथुआनिया. या वेळी साबोनिस नव्हता, तरुण गार्ड यासिकेविचियस होता आणि त्याच्या संघाने दोन दिवसांपूर्वी अमेरिकेला घाम फोडला होता. 89–71. गेझच्या संघाचा बारा वर्षांतला तिसरा चौथा क्रमांक. पाच ऑलिंपिकमध्ये मिळून त्याचे गुण 789. त्याच्या पुढे फक्त ब्राझीलचा ऑस्कर श्मिट, आणि त्याच्याकडेही पदक नाही.

2005 मध्ये टायगर्ससाठी 612 सामने आणि 18,908 गुण करून गेझ थांबला. प्रशिक्षक लिंडसेही त्याच वेळी थांबले. क्लबमध्ये बापलेकांनी बावीस मोसम एकत्र काढले होते. पुढे लीगच्या सर्वोत्तम खेळाडूच्या चषकाला गेझचं नाव देण्यात आलं. 2014 मध्ये नव्या मालकांनी टायगर्सचं नाव बदलून मेलबर्न युनायटेड केलं, शहरातल्या सगळ्यांना आपला वाटावा म्हणून. ज्यांना तो आधीच आपला वाटत होता, त्यांचं काय, हे त्या हिशेबात आलं नाही. 2016 पासून तीन वर्षं गेझ सिडनी किंग्जचा प्रशिक्षक होता. प्रशिक्षक म्हणून तो वडिलांच्या जवळपास पोचला नाही, हे स्पष्टच लिहायला हवं.

चौथा क्रमांक संघाला सोडेना. 2016 मध्ये रिओत कांस्याचा सामना स्पेनकडून 89–88 असा एका गुणाने गेला. 2019 च्या विश्वचषकात स्पेननेच उपांत्य सामन्यात दोन जादा वेळा खेळायला लावून हरवलं आणि मग फ्रान्सने कांस्य नेलं. टोकियो ऑलिंपिकसाठी प्रशिक्षक नेमले गेले ते ब्रायन गूरजियन, 1992 मध्ये टायगर्सला रडवणारे. 7 ऑगस्ट 2021 ला स्लोव्हेनियाविरुद्ध पॅटी मिल्सने 42 गुण केले आणि 107–93 असा विजय मिळाला. गेझ कॉमेंट्री बॉक्समध्ये होता, बोलता बोलता त्याचा गळा दाटून आला आणि त्याने ते लपवलं नाही. कुणाचं कांस्य कुणाला लागू पडतं, याचा वाद घालायला तिथे कुणाला सवड नव्हती.

मिल्सची 2024 मध्ये गेझइतकीच, पाच ऑलिंपिक झाली. पॅरिसला उपांत्यपूर्व फेरीत सर्बियाविरुद्ध त्याच्या संघाने 24 गुणांची आघाडी घेतली, ती हळूहळू घालवली, त्यानेच शेवटच्या क्षणी बास्केट करून सामना जादा वेळेत नेला आणि तिथे ऑस्ट्रेलिया 95–90 असं हरलं.